सहकारी बँकांतील पदोन्नतीचे तंटे आणि न्यायाचे मार्ग

(मंडळाच्या पालम येथील वार्षिक मेळाव्यात झालेल्या भाषणाचा मजकूर)



मंडळाच्या चिटणिसांचे आमंत्रणपत्र आले त्यात विषय निवडण्याची मोकळीक मला दिलेली होती. अशा मेळाव्यांत बहुधा मुलांचे शिक्षण, लग्नकार्यातील अनाठायी खर्च, वसतिगृहाचा निधी हे विषय निघतात आणि ते निघावेत हे योग्यच आहे. परंतु गेल्या दोन वर्षांत माझ्याकडे सल्ल्यासाठी आलेल्या ज्ञातिबंधूंपैकी निम्म्याहून अधिक जण एकच गाऱ्हाणे घेऊन आले. कोणी जिल्हा बँकेत, कोणी नागरी सहकारी बँकेत, कोणी पतसंस्थेत चाकरीला. आणि प्रत्येकाचे म्हणणे असे की, माझ्या मागचा पुढे गेला आणि मी होतो तेथेच राहिलो. म्हणून आज एका रुक्ष विषयावर बोलण्याचे धाडस करतो. विषय रुक्ष असला तरी ज्याच्या घरी हा प्रसंग आला आहे त्याला तो तसा वाटणार नाही.

आपल्या या भागात सहकारी बँक म्हणजे केवळ पीककर्जाची जागा नव्हे. कारखानदारी नाही, मोठी बाजारपेठ नाही, अशा तालुक्यांत दहावी-बारावी झालेल्या आणि पुढे पदवी घेतलेल्या मुलाला घराजवळ मिळणारी पगाराची नोकरी म्हणून आपण बँकेकडे पाहत आलो. परभणीची जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँक १९९९ साली हिंगोली जिल्हा वेगळा झाला तरी दोन्ही जिल्ह्यांचे काम पाहते. तिच्या जोडीला नागरी बँका आणि पतसंस्था आहेत. या सर्व संस्थांत पायऱ्या थोड्या. शिपाई, लिपिक, रोखपाल, निरीक्षक, शाखाधिकारी, आणि मग मुख्य कार्यालयातील दोनचार खुर्च्या. वरची जागा पाच-सात वर्षांतून एकदा मोकळी होते. ती हुकली की माणसाच्या उमेदीचा काळ निघून जातो. हानी मानापुरती राहत नाही. निवृत्तीच्या वेळी मिळणारी ग्रॅच्युइटी शेवटच्या वेतनावर मोजतात. म्हणजे वीस वर्षांपूर्वी हुकलेल्या पदोन्नतीची वजाबाकी त्या दिवशीच्या धनादेशात दिसते.

पदोन्नती हुकली की आपण काय करतो, हे मी स्वतःच्या उदाहरणाने सांगतो, कारण दुसऱ्याचे उदाहरण देणे सभ्यपणाचे होणार नाही. १९७४ साली मी एका सहकारी बँकेत लिपिक म्हणून लागलो. बँकेचे नाव घेत नाही. आज तेथे त्या वेळचे कोणीही नाही. १९८९ साली निरीक्षकांच्या तीन जागा भरल्या गेल्या. ज्येष्ठता यादीत माझा क्रमांक तिसरा होता. तिसरी जागा मिळाली ती नवव्या क्रमांकाच्या गृहस्थाला, आणि ते गृहस्थ आपल्याच ज्ञातीचे, माझ्या मेहुण्यांचे चुलतबंधू. त्यांची एका संचालकांशी जवळीक होती. मी संतापलो आणि आपल्यातील एका वयोवृद्ध, सर्वांना वंद्य असलेल्या गृहस्थांकडे गेलो. ते म्हणाले, "अरे, घरचाच माणूस वर गेला आहे. एका पंगतीला बसणारे तुम्ही. कोर्टात उभे राहिलात तर लोक हसतील. पुढच्या वेळी तुझेच नाव लागेल, मी शब्द टाकतो." मी त्यांच्या पाया पडून परत आलो.

त्यांचा हेतू निर्मळ होता, हे मी आजही मानतो. त्यांनी शब्द टाकलाही असेल. परंतु पुढची वेळ १९९२ साली आली, तोपर्यंत पात्रतेचे नियम बदलले होते आणि माझे नाव पुन्हा मागे पडले. तेव्हा मी औरंगाबादला वकिलांकडे गेलो. त्यांनी पहिला प्रश्न विचारला, "पहिल्या आदेशाची तारीख कोणती?" दुसरा प्रश्न, "त्यावर आपण लेखी हरकत घेतली होती काय?" दोन्ही उत्तरे ऐकून त्यांनी माझ्यासमोर फाईल मिटली. मला अखेर १९९६ साली निरीक्षकपद मिळाले, मागील ज्येष्ठतेशिवाय. माझी सात वर्षे ना बँकेने खाल्ली ना न्यायालयाने. ती मी स्वतः एका शब्दाच्या भरवशावर दिली.

हे सांगण्याचे कारण एवढेच की, या विषयात कायद्याच्या आधी कॅलेंडर येते. तामिळनाडूतील एका सरकारी नोकराच्या प्रकरणात १९७४ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटले होते की, कनिष्ठाला आपल्यावर चढविले म्हणून ज्याची तक्रार आहे त्याने सहा महिन्यांत, फार तर वर्षाच्या आत न्यायालयात यावे. कारण मधल्या काळात दुसऱ्यांचे संसार त्या आदेशावर उभे राहतात. आपल्या राज्याच्या ज्या कायद्याविषयी मी पुढे बोलणार आहे त्यात तर मुदत ९० दिवसांची आहे. सबळ कारण दाखविल्यास न्यायालय विलंब माफ करू शकते; परंतु "ज्ञातीतील वडीलधाऱ्यांनी थांबायला सांगितले" हे कारण मी आजवर कोणत्याही निकालपत्रात सबळ ठरलेले वाचलेले नाही.

आता दुसरी चूक. माणूस एकदा कोर्टात जायचे ठरवितो तेव्हा कोणत्या कोर्टात, हा प्रश्न त्याला सुचतच नाही. बँक सहकारी, म्हणून कोर्ट सहकाराचे, असा सरळ हिशेब तो करतो. हा हिशेब चुकीचा आहे, आणि या चुकीने जितकी वर्षे बुडाली तितकी दुसऱ्या कशानेही बुडाली नसतील.

महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम १९६० चा, आणि त्याचे कलम ९१ प्रसिद्ध आहे. संस्थेची घटना, निवडणुका, सभा, व्यवस्थापन किंवा व्यवसाय यांविषयीचा वाद सहकार न्यायालयात न्यावा, असे ते सांगते. "व्यवस्थापन" हा शब्द वाचून कर्मचाऱ्याला वाटते की, पदोन्नती व्यवस्थापनानेच नाकारली, तेव्हा हा वाद त्यातच बसला. परंतु त्याच कलमाच्या परंतुकात औद्योगिक विवाद वगळलेला आहे. शिवाय सर्वोच्च न्यायालयाने हा प्रश्न पुनःपुन्हा निकालात काढला आहे. १९६९ साली आंध्र प्रदेशातील मध्यवर्ती सहकारी बँकांच्या प्रकरणात न्यायालयाने ठरविले की, नोकरांच्या सेवाशर्तींचा वाद हा संस्थेच्या व्यवसायाविषयीचा वाद नव्हे. तसेच बँकेचे उपविधी म्हणजे कायदा नव्हे. ते कंपनीच्या अंतर्गत नियमांसारखे आहेत, आणि औद्योगिक न्यायाधिकरण त्यांपलीकडे जाऊन सेवाशर्ती ठरवू शकते. १९७९ साली गुजरातेतील सहकारी भूविकास बँकेच्या प्रकरणात, नोकराला कामावरून दूर केल्याचा वाद "व्यवस्थापन" या शब्दातही येत नाही, असे झाले. एवढे होऊनही आपल्याकडे लोक सहकार न्यायालयाची पायरी चढत राहिले. शेवटी मार्च २०१७ मध्ये खुद्द महाराष्ट्रातील, महाराष्ट्र राज्य सहकारी गृहनिर्माण वित्त महामंडळाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट सांगितले की, कलम ९१ खालील न्यायालयाला कर्मचाऱ्याच्या सेवेचा तंटा चालविण्याचा अधिकारच नाही. त्या कर्मचाऱ्याची कायदेशीर लढाई अशा रीतीने आरंभाच्या पायरीवर परत आली.

ज्यांनी आधीच चुकीचे दार ठोठावले आहे त्यांनी धीर सोडू नये. मुदत अधिनियम १९६३ च्या कलम १४ चा आधार असा आहे की, प्रामाणिकपणे आणि योग्य तत्परतेने अधिकार नसलेल्या न्यायालयात घालविलेला काळ मुदतीच्या गणनेतून वगळता येतो. मात्र चूक ध्यानात आल्यावर एक दिवसही दवडू नये.

तिसरे दार उच्च न्यायालयाचे. मराठवाड्यातील माणसाला या दाराचे आकर्षण असणे स्वाभाविक आहे. आपल्या वडिलांच्या काळी ते हैदराबादेत होते, १९५६ नंतर मुंबईस गेले, आणि १९८१ साली औरंगाबादेस खंडपीठ बसू लागले तेव्हा ते आपल्या आवाक्यात आले. पालमहून मुंबईस जाऊन येणे म्हणजे तेव्हा आठवड्याचा प्रवास आणि एका बैलाची किंमत! आज छत्रपती संभाजीनगरला सकाळी निघालेला माणूस रात्री घरी जेवतो. परंतु दार जवळ आले म्हणून ते प्रत्येकासाठी उघडे असतेच असे नाही. घटनेच्या अनुच्छेद २२६ खालील रिट अर्ज प्रायः शासनाविरुद्ध किंवा शासनाचे अंग असलेल्या संस्थेविरुद्ध चालतो. सहकारी बँक कायद्याखाली नोंदलेली असते, कायद्याने निर्माण केलेली नसते. २००६ साली हिमाचल प्रदेशातील कांगडा मध्यवर्ती सहकारी बँकेच्या एका अधिकाऱ्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने, अशी बँक "राज्य" नाही म्हणून रिट चालणार नाही, असा निर्णय दिला. निबंधक तिच्यावर देखरेख ठेवतात एवढ्याने ती शासनाचे अंग होत नाही.

येथे एक गोंधळ दूर करतो. आपले पुष्कळ बंधू ग्रामीण बँकेत आहेत आणि तेही स्वतःस बोलण्याच्या ओघात सहकारी बँकवाले म्हणवितात. ग्रामीण बँक ही १९७६ च्या केंद्रीय कायद्याखालील सार्वजनिक संस्था होय. तिच्या कर्मचाऱ्याला उच्च न्यायालयाचे दार खुले आहे. एकाच रस्त्यावर समोरासमोर दोन शाखा, दोन्हीकडे तेच पीककर्ज, तोच खातेदार. परंतु आतल्या लिपिकांना न्यायाचे मार्ग निराळे.

मग सहकारी बँकेतील लिपिकाने जावे कोठे? त्याचे मुख्य दार म्हणजे १९७१ चा महाराष्ट्र कामगार संघांना मान्यता देण्याबाबत आणि अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध करण्याबाबत अधिनियम. नाव लांबलचक असले तरी आपल्या कामाचा भाग थोडका आहे. त्याच्या चौथ्या अनुसूचीतील पाचवी बाब अशी की, गुणवत्तेचा विचार न करता कामगारांच्या एका गटावर मेहेरनजर करणे किंवा पक्षपात करणे ही अनुचित प्रथा होय. नववी बाब अशी की, निवाडा, समझोता किंवा करार यांची अंमलबजावणी न करणे हीही अनुचित प्रथा होय. बँकेने संघटनेशी केलेल्या वेतनकरारात पदोन्नतीचे प्रमाण व पद्धत ठरली असेल आणि ती मोडली गेली असेल, तर नववी बाब. करार नसेल, परंतु उघड पक्षपात झाला असेल, तर पाचवी. या दोन्ही बाबींची तक्रार औद्योगिक न्यायालयात होते. कामगार न्यायालयात नव्हे. त्या कायद्याखाली कामगार न्यायालयाकडे चौथ्या अनुसूचीतील केवळ पहिली, म्हणजे बडतर्फी वगैरेची बाब जाते. आणि यातील मोठी सोय ही की, कलम २८ खाली एकटा कर्मचारीही तक्रार करू शकतो. सर्वसाधारण औद्योगिक विवादाचे तसे नाही. नोकरीवरून काढल्याचा वाद सोडला, तर एकट्याचे गाऱ्हाणे विवाद ठरण्यासाठी संघटनेने किंवा बऱ्याच सहकाऱ्यांनी ते आपले म्हणून उचलावे लागते. ज्याच्या पाठीशी संघटना नाही, किंवा संघटनेचा सरचिटणीसच ज्याच्या डोक्यावरून वर गेला आहे, त्याला १९७१ च्या कायद्याचे मोल कळते.

तक्रार कशी असावी याविषयी दोन शब्द अधिक बोलतो, कारण बहुतेक तक्रारी येथेच पडतात. "माझ्यावर अन्याय झाला" हे वाक्य न्यायालयाच्या उपयोगाचे नाही. ज्येष्ठता यादीतील आपला क्रमांक, तिची तारीख, जागा किती, नियम कोणता, कोणाला निवडले, त्याचा क्रमांक कितवा, त्याच्यापाशी आपल्याहून अधिक काय आहे किंवा नाही, हे सर्व तपशिलाने लिहावे लागते. पक्षपाताचा आरोप ज्यावर उभा आहे ती वस्तुस्थिती लिहिली नाही, तर साक्षीच्या वेळी ती सांगता येत नाही. आणि ज्याची पदोन्नती रद्द व्हावी असे आपण म्हणतो त्या गृहस्थास पक्षकार करावेच लागते. त्याचे म्हणणे ऐकल्याविना त्याच्या हातचे पद काढून घेणे न्यायाला धरून नाही. आपल्या लोकांचा पाय येथेच अडखळतो. तो समोरचा गृहस्थ भाचीचा सासरा निघतो, किंवा गेल्या वैशाखात आपल्याच मांडवात अक्षता टाकून गेलेला असतो. मी १९८९ साली याच ठिकाणी थांबलो. त्याला पक्षकार करणे म्हणजे त्याच्याशी वैर धरणे नव्हे, हे मला त्या वेळी कोणी सांगितले नाही. त्याच्यावर कोणताही आरोप न करता, केवळ निर्णयाचा परिणाम त्याच्यावर होणार म्हणून त्याचे नाव लिहिले जाते, आणि तसे अर्जात स्पष्ट लिहिताही येते.

कलम ३० खाली न्यायालयाला अंतरिम आदेशाचा अधिकार आहे. जागा अद्याप भरली नसेल, तर ती आपल्या तक्रारीच्या निकालाधीन ठेवावी एवढी मागणी नेमस्त असते आणि ती मान्य होण्याचा संभवही अधिक.

न्यायालय अखेरीस काय देते? येथे अपेक्षा आवरून धरावी. पदोन्नती हा हक्क नाही. पदोन्नतीसाठी नियमाप्रमाणे आणि निःपक्षपणे विचार होणे हा हक्क आहे. कोणाला वर घ्यावे हे ठरविणे प्रथमतः मालकाचे काम होय, हे औद्योगिक न्यायाचे जुने सूत्र आहे. दुष्ट हेतू, छळ किंवा पक्षपात सिद्ध झाला तरच न्यायाधिकरण त्यात हात घालते. त्यामुळे पुष्कळदा आदेश असा होतो की, बँकेने तक्रारदाराचा पुन्हा विचार करावा, आणि तो योग्य ठरल्यास कनिष्ठाच्या तारखेपासून मानीव पदोन्नती द्यावी. मागील वेतनाचा फरक मिळेलच असे नसते. तथापि मानीव दिनांक मिळाला तरी पुढील ज्येष्ठता आणि निवृत्तीचे वेतन सुधारते, हे थोडके नाही.

नियमात "ज्येष्ठता-नि-गुणवत्ता" असे शब्द असतात त्यांचा अर्थ पुष्कळ संचालक आपल्या सोयीने लावतात. १९९८ साली ग्रामीण बँकांच्या पदोन्नतीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो अर्थ उलगडून सांगितला. कामास आवश्यक तेवढी किमान गुणवत्ता ठरवावी; ती ज्याच्यापाशी आहे अशांपैकी जो ज्येष्ठ त्याला प्रथम घ्यावे, दुसरा कोणी त्याहून हुशार असला तरी. गुणांची चढाओढ लावून सर्वांत वरच्या गुणांचा निवडणे ही निराळी पद्धत झाली आणि ती नियमात तशी लिहिलेली असावी लागते. ते प्रकरण ग्रामीण बँकांचे असले तरी शब्दांचा अर्थ तोच आहे. म्हणून पहिले काम हे की, आपल्या बँकेचे सेवानियम मिळवून पदोन्नतीच्या नियमातील ते दोन-तीन शब्द वाचावेत. मुलाखतीचे गुण ज्येष्ठाला पाडण्यासाठी वापरले गेले काय, हे त्याशिवाय कळणार नाही.

गोपनीय अहवालाविषयीही असेच. २००८ साली आणि पुन्हा २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने सरकारी सेवेपुरते ठरविले की, अहवालातील प्रत्येक शेरा, तो "चांगला" असला तरी, कर्मचाऱ्यास कळविला पाहिजे. सहकारी बँकेला हा निर्णय जसाच्या तसा बांधतो असे मी म्हणणार नाही. परंतु न कळविलेल्या शेऱ्यावर विसंबून ज्येष्ठाला डावलणे निःपक्ष आहे काय, असा प्रश्न औद्योगिक न्यायालयापुढे उभा करताना त्याचा आधार निश्चित घेता येतो.

एवढे सर्व लिपिक, रोखपाल, शिपाई यांच्यासाठी झाले, कारण तक्रार करणारा कायद्याच्या व्याख्येतील कामगार असावा लागतो. शाखाधिकाऱ्यांनी मात्र सावध असावे. केवळ पदनामावरून माणूस कामगारवर्गातून बाहेर पडत नाही; प्रत्यक्ष प्रमुख काम कोणते हे पाहिले जाते. "अधिकारी" असा शिक्का देऊन दिवसभर खतावणीच करावयास लावली असेल, तर तो पुरावा जपून ठेवावा. परंतु ज्याच्या हाती खरोखर शाखेचा कारभार आहे, रजा मंजूर करणे, कर्ज मंजूर करणे आहे, त्याला हे दार बंद. त्याला राहते ते दिवाणी न्यायालय, आणि तेथे वैयक्तिक सेवेचा करार सक्तीने पाळावयास लावता येत नाही हे तत्त्व आडवे येते. बहुधा भरपाईपुरताच मार्ग उरतो. अधिकाऱ्यांनी म्हणूनच तंटा होण्यापूर्वीच लेखी निवेदने आणि निबंधकांकडील दाद यांवर भर द्यावा. ज्या बँका बहुराज्यीय झाल्या आहेत त्यांना २००२ चा केंद्रीय कायदा लागू आहे. त्यातील कलम ८४ च्या लवादातूनही औद्योगिक विवाद आणि पगारी नोकरावरील शिस्तभंगाची कारवाई वगळलेली आहे.

आता अलीकडचा मोठा बदल. १९४७ चा औद्योगिक विवाद अधिनियम २१ नोव्हेंबर २०२५ पासून गेला आणि त्याच्या जागी औद्योगिक संबंध संहिता, २०२० अमलात आली. पूर्वी समेट फसला की विवाद न्यायाधिकरणाकडे पाठवावा की नाही हे शासन ठरवीत असे, आणि कागद मंत्रालयात पडून राहत. संहितेप्रमाणे समेट अधिकाऱ्याचा अहवाल आल्यापासून ९० दिवसांच्या आत पक्षकाराला स्वतःच न्यायाधिकरणाकडे अर्ज करता येतो. मात्र विवाद उद्भवल्यापासून दोन वर्षे उलटल्यावर समेट अधिकारी तो हाती घेऊ शकत नाही. देखरेखीचे काम करणाऱ्यास कामगार मानण्यासाठी वेतनाची मर्यादा दरमहा १०,००० रुपयांवरून १८,००० रुपये झाली आहे. राज्याचा १९७१ चा कायदा संहितेने रद्द केलेल्या कायद्यांच्या यादीत नाही. परंतु त्यातील "कर्मचारी" ही व्याख्या जुन्या केंद्रीय कायद्याच्या आधाराने उभी आहे. तेव्हा यापुढे ज्याने वकिलाकडे जावे त्याने प्रथम विचारावे की, तक्रार कोणत्या कायद्याखाली आणि कोणापुढे; आणि जुन्या पुस्तकातील कलमांचे क्रमांक डोळे मिटून उतरवून घेऊ नयेत.

कागदांविषयी थोडे सांगतो, कारण माझी फाईल मिटली ती कागदांअभावी. ज्येष्ठता यादी प्रसिद्ध होते तेव्हा ती फलकावर वाचून लोक चहाला जातात. तिची प्रत मागावी, चूक असेल तर हरकतीच्या मुदतीत लेखी हरकत द्यावी आणि पोच घ्यावी. न हरकत घेतलेली यादी पुढे आपल्याविरुद्धच साक्ष देते. बँक प्रत देत नसेल तर? २०१३ साली केरळातील एका सहकारी बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, शासनाच्या मोठ्या अर्थसाहाय्याविना किंवा खोल नियंत्रणाविना चालणारी सहकारी संस्था माहिती अधिकार कायद्याखालील सार्वजनिक प्राधिकरण नाही. परंतु निबंधक आहेत, आणि कायद्याने जी माहिती निबंधक संस्थेकडून मिळवू शकतात ती त्यांच्याकडे मागता येते. तेव्हा कर्मचारी आकृतिबंध, मंजूर सेवानियम यांसाठी अर्ज जिल्हा उपनिबंधकांकडे करावा.

आणखी एक कागद आपण स्वतःच्या हाताने लिहून देतो आणि विसरतो. पदोन्नतीबरोबर बदली येते. घर, शेती, आईवडील पालमात. बदली सेनगावला किंवा कळमनुरीला. मग "मला पदोन्नती नको" असे दोन ओळींत लिहून दिले जाते. ते पत्र सेवापुस्तकात चिकटते, आणि पाच वर्षांनी आपण ज्येष्ठता सांगू लागलो की समोर ठेवले जाते. नकार द्यावाच लागला, तर कारण आणि तो किती काळापुरता हे त्यातच लिहावे. तसेच "प्रभारी" म्हणून वर्षानुवर्षे शाखा सांभाळणाऱ्यांनी समजून असावे की, प्रभारामुळे त्या पदाचा हक्क आपोआप उत्पन्न होत नाही. प्रभाराचे आदेश मात्र अनुभवाचा पुरावा म्हणून जपावेत. आणि ज्या भगिनी, लेकीसुना आज काउंटरवर बसतात त्यांनी हे ध्यानात ठेवावे की, प्रसूतीची रजा म्हणजे सेवेतील खंड नव्हे. त्या रजेमुळे ज्येष्ठता घसरलेली दिसली तर त्याच आठवड्यात लेखी हरकत द्यावी.

अध्यक्षमहाराज, आता जे बोलतो ते काहींना रुचणार नाही, तरी बोलतो. आपल्या ज्ञातीतील काही मंडळी सहकारी संस्थांच्या संचालक मंडळांवर आहेत, आणि त्याचा आपणा सर्वांस अभिमान आहे. पदोन्नतीची बैठक जवळ आली की त्यांच्या ओसरीवर आपल्यापैकी वडील माणसे मुलाला घेऊन बसलेली दिसतात. मुलाला शब्द मिळाला तर दुसऱ्या कोणाचा तरी क्रमांक मागे जातो. तो दुसरा परज्ञातीचा असला तर आपण त्याला विसरतो. तो माझ्यासारखा घरचाच असला की मग मंडळाकडे तक्रार येते. ज्या पाचव्या बाबीखाली आपण उद्या न्याय मागणार, तिच्याच व्याख्येत बसणारी गोष्ट आज ओसरीवर बसून मागतो आहोत. संचालकांना मी हात जोडून सांगतो, भेटीस आलेल्या ज्ञातिबंधूला चहा जरूर द्यावा; नियमाबाहेरचा शब्द देऊ नये. आणि वडीलधाऱ्यांना विनंती की, समेट घडवावयाचा असेल तर अवश्य घडवावा, पण ९० दिवसांच्या आत. आणि समेटाची बोलणी चालू असतानाच मुलाला लेखी हरकत देऊ द्यावी. हरकतीने समेट मोडत नाही.

माझ्यावर चढविले गेलेले ते गृहस्थ आणि मी पुढे अकरा वर्षे एकाच मुख्य कार्यालयात काम केले. माझ्या मुलीच्या लग्नात पंगतीची व्यवस्था त्यांनीच पाहिली. निवृत्तीनंतर एकदा ते मला म्हणाले, "तुम्ही त्या वेळी तक्रार केली असती तर मला राग आला असता, पण महिनाभर." मी काय उत्तर द्यावे ते मला सुचले नाही.

मंडळाने एक काम करावे अशी माझी सूचना आहे. वर्षातून दोन वेळा, शनिवारी दुपारी, बँका व पतसंस्थांत काम करणाऱ्या ज्ञातिबंधू-भगिनींची बैठक परभणीस घ्यावी. आपल्यातील दोन वकील विनामूल्य येण्यास तयार आहेत. त्यांची नावे मी अध्यक्षांकडे दिली आहेत. बैठकीस येताना प्रत्येकाने नियुक्तिपत्र, शेवटची ज्येष्ठता यादी आणि सेवानियमांची प्रत आणावी. आज येथे ज्यांच्याजवळ असे कागद असतील त्यांनी भोजनोत्तर मला मंडपाच्या मागील खोलीत भेटावे. गंगाखेडची गाडी साडेपाचला आहे. तोपर्यंत मी येथेच आहे.